जाताना डावीकडे की येताना

उत्तम, गुरुवारी सकाळी परतवाड्याच्या बसस्टँडवर तू वारलास. अकोल्याच्या गाडीची वेळ झाली होती. तू बाकावर बसला होतास. गाडी लागली, लोक चढले, कंडक्टरने डबल बेल दिली, गाडी निघाली. तू उठला नाहीस.

मला कॅन्टीनवाल्याने फोन केला. आपण एकमेकांशी बोलायचं थांबलो त्याला तेव्हा पाच आठवडे झाले होते.

तुझी शोकसभा झाली. तू नव्हतास हे बरं झालं. हसू आवरलं नसतं तुला. एका वक्त्याने तुला इतिहास संशोधक केलं. एसटीतल्या तिकिटांच्या हिशेबाच्या वेबिलाखेरीज दुसरा कुठलाही छापील कागद तू शेवटपर्यंत वाचल्याचं मला तरी ठाऊक नाही. एका बाईंनी शेजारच्या अचलपूरच्या जुन्या दरवाज्यांवर स्वतःची कविता वाचली; तिच्यात वारा होता, घोड्यांच्या टापा होत्या, आणि दरवाज्याखाली रोज बसणारं एकही माणूस नव्हतं. मग अमरावतीहून आलेल्या वारसा मंडळाचे अध्यक्ष उठले. तू त्यांना जाकीटवाले म्हणायचास, कारण वैशाखातही ते खादीचं जाकीट काढत नाहीत. त्यांनी डोळ्यांना रुमाल लावला आणि लोकांना जुनं अचलपूर पायी दाखवायच्या तुझ्या रविवारच्या फेरीला तुझं नाव देणार असल्याचं जाहीर केलं. टाळ्या वाजल्या. शोकसभेत टाळ्या वाजवू नयेत एवढंही त्या लोकांना कोणी सांगितलेलं नाही.

टेबलावर तुझा फोटो होता. तो मी ओळखला. दरवाज्याखाली काढलेला, तुझ्या शेजारी फुलं विकणारी गोकर्णाबाई टोपली घेऊन बसलेली. मंडळाने तिला कापून टाकलं होतं. नीट कापताही आलं नव्हतं. खालच्या कोपऱ्यात टोपलीची कड आणि चार झेंडू राहिले होते. मी पूर्ण सभाभर ते झेंडू पाहत बसलो.

मला बोलायला सांगितलं. मी तब्येतीचं कारण दिलं. तिथे बसलेल्या सगळ्यांचा मला तिटकारा आला होता, आणि त्या यादीत पहिलं नाव माझं होतं.

तुला आठवतं का, आपली ओळख कशी झाली? मी परतवाड्याच्या कॉलेजात ग्रंथपाल, घर अकोल्याला. शनिवारी जायचं, सोमवारी पहाटेच्या गाडीने यायचं. तू त्या गाडीचा कंडक्टर. एका सोमवारी वाचता वाचता मी परतवाडा आलेलं पाहिलंच नाही. सगळी गाडी रिकामी झाली. तू माझ्या सीटच्या दांडीवर पंच वाजवत उभा राहिलास.

"ओ बुकवाले, गाडी आता डेपोत धुवाले जाऊन राहिली. तुमी बी धुऊन घेता काय?"

त्या दिवसापासून मी बुकवाला झालो. पुढे तुमी जाऊन तू आलं, पण ते नाव तेच राहिलं. निवृत्तीनंतर मी परतवाड्यालाच खोली घेतली. गावात तू होतास, एवढंच कारण होतं. हे मी तुला कधी सांगितलं नाही.

तूही निवृत्त झाल्यावर रविवारची फेरी सुरू केलीस तेव्हा मी तिच्यावर हसलो होतो. पण तुला नोटा पाहिजे होत्या, म्हणून मी लिहून दिल्या. पोस्टकार्डाएवढ्या कागदांवर, एका थांब्याला एक कागद. तू ते खिशात ठेवायचास आणि कधीही काढायचा नाहीस. लोकांना म्हणायचास, "सगळं लिवलेलं हाय, चिंता नोको," आणि मग मनाला येईल ते सांगायचास. दरवाज्याच्या कोपऱ्यातला तो गुळगुळीत दगड, ज्याच्यावर नबाबाचा हत्ती पाठ खाजवायचा. मी तुला दहा वेळा सांगितलं की तो बैलगाड्यांच्या चाकांच्या तुंब्यांनी, मधल्या बाहेर आलेल्या भागाने, घासला आहे.

"माहीत हाय मले," तू म्हणालास. "पन गाडीनं घासला म्हटलं त कोन थांबते? हत्ती म्हटलं का सारे हात लावतेत. हात लावला का मंग गाडीचं सांगतो."

खरंच सांगायचास. ते मला मान्य करावं लागलं होतं.

फेरीला येणारी माणसं मला मुळीच आवडायची नाहीत. टोपी, गॉगल, पाण्याची बाटली, आणि दुसऱ्याच्या दारात डोकावायचा परवाना मिळाल्यासारखा चेहरा. कोष्ट्याच्या घरातला माग दिसला की त्यांना तो 'किती सुंदर' वाटायचा. मागावर बसलेल्या माणसाची पाठ वाकली आहे हे एकालाही दिसायचं नाही. दोरीवर वाळत घातलेल्या गोधडीचे फोटो काढायचे. एकीला तू म्हणालास, "ओ ताई, रात्री लेकरू मुतलं त्याच्यावर. काढा, काढा फोटो." ती लाजली नाही, हसली. अशी ती माणसं.

आणि तरी तू त्यांना सांभाळायचास. गल्लीत शिरायच्या आधी तोंडाशी उभा राहून आरोळी द्यायचास, "मायमाउल्यांनो, मानसं येऊन राहिली! काही झाकाचं असन त झाका!" आतून कोणीतरी ओरडायचं, "या, पन च्या भेटनार नाही!" मगच लोक आत. हे तू कुठल्या पुस्तकात वाचलं नव्हतंस. निघताना किल्ल्यांचा जुडगा दगडावर दोनदा वाजवायचास आणि डोकी मोजायचास. मोजल्याशिवाय एकदाही निघाला नाहीस. पहिल्या थांब्यावर आकडा नेहमी एकाने जास्त सांगायचास, कारण गोकर्णाबाईला धरायचास. "सतरा तुमी, अठरावी बाई. ही आपली पास होल्डर."

गोकर्णाबाईची गोष्ट तू दर रविवारी सांगायचास. माळ्यांचं घराणं, नबाबाच्या बागेला फुलं पुरवणारं. दरवाज्यातून आत आलं की डाव्या हाताला जी विहीर आहे ती तिच्या खापरपणज्याने बागेसाठी खणली, आणि त्याबद्दल दरवाज्याच्या सावलीत बसून फुलं विकायचा हक्क घराण्याला कायमचा मिळाला. कागद नाही. ती शेजारी हार ओवत बसायची, आणि गोष्ट संपली की म्हणायची, "खरं सांगते भाऊ," जणू तीही पहिल्यांदाच ऐकत होती.

मग मी ते पुस्तक काढलं. कॉलेजच्या रद्दीतून मीच एके काळी वाचवलेलं, कव्हर नसलेलं, कोण्या इंग्रज अंमलदाराने आपल्या दौऱ्याबद्दल लिहिलेलं. त्यात दरवाजा होता, दरवाज्याच्या आतल्या अंगाला डावीकडे एक पायऱ्यांची विहीर होती, आणि ती गावातल्या एका सराफाने बांधल्याचं स्पष्ट लिहिलं होतं. माळ्याचा उल्लेख नव्हता. दिवाळीनंतरच्या एका रविवारी, तुझी गोष्ट संपल्या संपल्या, वीस-बावीस लोकांसमोर मी घसा साफ केला आणि हे सांगितलं. गोकर्णाबाईच्या हातातली सुई थांबली. तू म्हणालास, "बरं, बुकवाले म्हन्तेत त पाहू," आणि जुडगा वाजवलास.

त्या गर्दीत जाकीटवाले होते. त्यांनी माझं वाक्य वहीत लिहून घेतलं. मला बरं वाटलं, उत्तम. आयुष्यभर मी लोकांना पुस्तकं काढून दिली, माझं वाक्य कोणी लिहून घेतलं नव्हतं.

तीन महिन्यांनी फलक आला. निळ्या पत्र्यावर पांढरी अक्षरं: सराफाने बांधलेली ऐतिहासिक पायविहीर. खाली बारीक अक्षरात 'संदर्भ साहाय्य' आणि माझं नाव. विहिरीभोवती रेलिंग बसलं, दरवाज्याखाली फरशी बसली, आणि गोकर्णाबाईला उठवलं. जाकीटवाल्यांनी तिला समजावून सांगितलं म्हणे, फार नम्रपणे, की वास्तू मोकळी दिसली पाहिजे, आणि हक्काचं म्हणाल तर तुमच्याच गावच्या सरांनी पुराव्याने सिद्ध केलं आहे. ती टोपली उचलून रस्त्यापलीकडे गेली. तिथे झाड नाही, भिंत नाही. दहा वाजले की मोगरा पिवळा पडायला लागतो.

त्या संध्याकाळी तू माझ्या खोलीवर आलास. चहा मी केला होता.

"तुह्या पुस्तकातला सायेब," तू म्हणालास, "आतून बाहीर चालला व्हता का बाहीरून आत येऊन राहिला व्हता?"

"त्याने काय फरक पडतो?"

"आरे बाप्पा! फरक काहून नाही पडत? अकोल्याहून येताना जे गाव डाव्या हाताले येते, जाताना ते कोन्या हाताले येते?"

"उत्तम, ही एसटी नाही. हे पुस्तक आहे."

"बरं, पुस्तक. त्या पुस्तकातल्या इहिरीले पायऱ्या हायेत. हिले हायेत काय?"

"बुजल्या असतील."

"वाकून पाह्यलं?"

मी पाहिलं नव्हतं. त्या विहिरीजवळून इतके रविवार गेलो, कधी काठाशी जाऊन खाली पाहिलं नव्हतं.

"जाय मंग. वाकून पाय. मानेले त्रास हाय त मी धरतो तुले मागून."

आणि मी म्हणालो, "तिकिटं फाडणाऱ्याने पुस्तकांबद्दल बोलू नये."

तू अर्धा कप खाली ठेवलास. "बरं," म्हणालास. चपला घालताना तुला वेळ लागला, गुडघ्यांमुळे. मी उठलो नाही. तुझ्याशी बोललेलं माझं शेवटचं वाक्य ते आहे. इथे लिहून ठेवतो, म्हणजे मला कधी ते गोड करून सांगता येणार नाही.

तुला जाळून आलो त्या रात्री झोप नव्हती. दुसऱ्या सकाळी पुस्तक काढलं. विहिरीच्या आधीचा परिच्छेद मी वीस वेळा वाचलेला होता. साहेबाने रात्र गावात, जुन्या वाड्यात काढली होती. पहाटे तो कॅम्पाकडे, म्हणजे आपल्या परतवाड्याकडे निघाला होता. तो बाहेर चालला होता. त्याची डावी बाजू म्हणजे आत येणाऱ्याची उजवी. वीस वेळा वाचून जे मला दिसलं नाही ते तू न वाचता एका प्रश्नात विचारलं होतंस.

मी दरवाज्यापाशी गेलो. टॉर्च घेतला होता. रेलिंगवरून वाकलो. मानेत कळ आली, मागून धरायला कोणी नव्हतं. सरळ उभी बांधणी, चारही बाजूंनी, तळापर्यंत. पायऱ्या नाहीत, पायऱ्यांची जागाही नाही. काठाच्या दगडावर दोरांनी पडलेल्या खाचा मात्र आहेत, बोट बसेल एवढ्या खोल. बागेला पाणी ओढलेली विहीर.

मग समोरच्या, उजव्या हाताच्या पिठाच्या चक्कीत गेलो. चक्कीवाले रहीमभाई मला पाहून हसले नाहीत, रागावलेही नाहीत. हात पिठाने पांढरे होते.

"आ गये? बहोत दिन लगाये."

"काय झालं?"

"उत्तमभाऊ येऊन गेले ना. महिना झाला, जादाच. मागच्या व्हरांड्यातले पोते सगळे हटवले आमी दोघांनी. बोले, बुकवाला येईन, त्याले दाखव. मी म्हटलं तुमीच सांगा ना जाऊन. बोले, नाही, तो सोता येईन. आठ दिवस वाट पाह्यली मी. गिऱ्हाइकाचे पोते कहां रखू? मग परत लावून टाकले."

आम्ही दोघांनी पोती पुन्हा हलवली. फरशीच्या कडेला तीन पायऱ्या होत्या, खाली उतरत जाणाऱ्या, घडीव दगडाच्या, आणि मग मुरूम भरलेला. सराफाची विहीर. माझी विहीर.

आता तुझ्याशी भांडतो, ऐक.

तुला ठाऊक होतं. पुरावा तुझ्या हातात होता, मला पाहिजे तसा, दगडाचा. माझी खोली चक्कीपासून ऑटोने दहा मिनिटांवर. तू आला नाहीस. तुझा अपमान झाला होता, मान्य. पण हा अपमान नव्हता, उत्तम, मी ओळखतो तुला. तू गाडी थांबवून ठेवली होतीस. वाटेतल्या गावच्या त्या मास्तरणीसाठी तू रोज दोन-दोन मिनिटं थांबायचास, ड्रायव्हर शिव्या द्यायचा, तू म्हणायचास, "येऊन राह्यली, दिसून राह्यली मले." तसाच तू माझ्यासाठी थांबलास. मी स्वतः येईन, स्वतः वाकीन, स्वतः सांगेन, म्हणजे चूक मला कोणी दाखवली असं होणार नाही. बुकवाल्याची इभ्रत. तिची किंमत काय होती रे? तुझ्या जागी मी असतो तर अशा माणसाची इभ्रत सांभाळली नसती. आणि तू ती सांभाळत होतास तितके दिवस एक सत्तरीची बाई रस्त्यापलीकडे उन्हात बसली होती. माझ्या मूर्खपणाने ती उठली आणि तुझ्या चांगुलपणाने ती तिथेच राहिली. या चांगुलपणाची मला चीड आहे. माझ्यासाठी याआधी कोणी असं थांबलं नव्हतं, हेही खरं आहे. दोन्ही गोष्टी एकाच वेळी मनात घेऊन गेले वीस दिवस मी फिरतो आहे, आणि एकीने दुसरी कमी होत नाही.

गोकर्णाबाईकडे गेलो. छत्री टोपलीवर धरली होती, स्वतःवर नाही. मी उभ्या उभ्या सगळं सांगितलं: पुस्तक, साहेब, पायऱ्या, चक्की. तिने मध्ये एका गिऱ्हाइकाला गजरा दिला. मग म्हणाली,

"म्हंजे इहीर आमचीच."

"तुमची नाही असं म्हणायला माझ्याकडे काही नाही. तुम्ही सांगता तेच खरं असेल."

"असन काय असन! म्या पयल्या दिवशीच सांगतलं व्हतं. तुमाले आयकू नाही आलं?"

"आलं होतं."

"मंग?"

तिने मोगऱ्याच्या कळ्यांवरचं ओलं फडकं उलटलं.

"तो आयकत व्हता," ती म्हणाली. "दर आयतवारी तेच तेच. म्या म्हटलं, उत्तमभाऊ, तुमाले कंटाळा नाही येत? त म्हने, बाई, रोज त्याच रस्त्यानं गाडी नेली मी, कंटाळा कायचा?" मग माझ्याकडे पाहून, "बाजूले व्हा थोडे. गिऱ्हाईक दिसत नाही मले."

मी बाजूला झालो.

शोकसभेनंतरच्या रविवारी तुझ्या नावाची पहिली फेरी निघाली. पांढरे टी-शर्ट, छातीवर तू. घाम आला की तुझा चेहरा ओला व्हायचा. जाकीटवाल्यांच्या कॉलरला माइक, कमरेला स्पीकर. गल्लीच्या तोंडाशी कोणी आरोळी दिली नाही. स्पीकरच सरळ आत शिरला. एक बाई अंगणात केस धूत होती, ती तशीच ओल्या डोक्याने आत पळाली. लोकांनी त्या ओल्या पावलांचे फोटो काढले.

दरवाज्याखाली ते थांबले. फलक मीच वाचावा, संदर्भ माझा आहे, असा आग्रह झाला. माइक माझ्या हातात दिला. मी म्हणालो की हा फलक चुकीचा आहे. ही पायविहीर नाही. सराफाची विहीर समोर चक्कीखाली आहे, कोणीही जाऊन पाहावी. ही चूक माझी आहे, ती उत्तमने पकडली होती, आणि तिच्यामुळे ज्या बाईला इथून उठवलं ती समोर बसली आहे. तिला परत इथे बसवा.

लोकांनी वळून रस्त्यापलीकडे पाहिलं. दोघांनी तिचा फोटो काढला. जाकीटवाल्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवून माइक हळूच काढून घेतला.

"सर भावुक झाले आहेत," ते स्पीकरवर म्हणाले. "साहजिक आहे. तांत्रिक बाबी आपण बैठकीत पाहू. आज भावनेचा दिवस आहे."

टाळ्या वाजल्या. ते पुढे निघाले, कोणाला न मोजता. माझ्यापाशी पाच जण मागे राहिले: एक नवरा-बायको, दोन कॉलेजातल्या मुली आणि एक पोस्टातून निवृत्त झालेले गृहस्थ. एका मुलीने विचारलं, "सर, त्या पायऱ्या बघता येतील?" मला फेरी घेता येत नाही, माझा आवाज पोचत नाही. मी खिशातून खोलीची किल्ली काढली, एकच आहे, आणि ती दगडावर दोनदा वाजवली. फारसा आवाज झाला नाही. चक्कीच्या व्हरांड्याशी मी हाक दिली, "रहीमभाई, माणसं येताहेत." आतून आवाज आला, "पोते उठाना पडेंगे सबको!" पाचही जणांनी पोती उचलली. पोस्टवाल्या गृहस्थांनी तिसऱ्या पायरीवर हात ठेवला आणि बराच वेळ काढला नाही.

बैठकीची तारीख विचारायला मी दोनदा अमरावतीला जाऊन आलो. पत्र लिहून दिलं, त्याची पोच घेतली. फलकावरून निदान माझं नाव खोडा असं म्हणालो, तर कार्यालयातला तरुण म्हणाला, नाव राहू द्या सर, शोभा आहे.

फलक अजून दरवाज्यावर आहे. गोकर्णाबाई रस्त्यापलीकडे बसते. आता दर रविवारी सकाळी सात वाजता मी दरवाज्याखाली उभा राहतो, येतील तेवढी माणसं मोजतो आणि आकडा एकाने जास्त सांगतो.